चौदावा डाग

दर सोमवारी सकाळी अकरा वाजता दोन शत्रू एकमेकांना अर्धाअर्धा सूर्य देत असत. राजदूत हाकलले गेले, विमानं पाडली गेली, एका वर्षी तर दोघांनी एकमेकांचं धान्यही बंदरात अडवून सडवलं; पण सोमवारचं गाठोडं कधी चुकलं नाही. उत्तर संघाचं गाठोडं उतरायचं ते म्हसवडच्या माळावर, आपल्या दक्षिण संघाच्या सौर विनिमय केंद्रात. गाठोडं म्हणजे आकडे आणि चित्रंच, पण पहिल्या दिवसापासून सगळे त्याला गाठोडंच म्हणत. ते सोडायचं काम हेमांगी काटकरचं.

या देवाणघेवाणीचं कारण साधं आहे. पृथ्वीवरून सूर्याची एकच बाजू दिसते. सूर्य स्वतःभोवती फिरतो, पण रमतगमत, सत्तावीस दिवसांत एक फेरा. त्याच्या पाठीवर आज काय उगवलंय ते आपल्याला पुढं येऊन दिसायला दोन दोन आठवडे लागतात. आणि पाठीवर उगवतात ते सूर्यडाग. डाग म्हणजे चुंबकीय पीळ बसलेली जागा. पीळ फार घट्ट झाला की तुटतो, स्फोट होतो आणि प्रोटॉनचा लोंढा अवकाशात सुटतो. पृथ्वीवर आपल्या डोक्यावर हवेचं पांघरूण आहे. चंद्रावर काहीच नाही. तिथं उघड्यावर असलेल्या माणसाला हा लोंढा आतून भाजून काढतो, आणि त्या वेळी त्याला काही जाणवतही नाही.

बरं, स्फोट सूर्याच्या पाठीवर झाला तर आपल्याला काय, असं वाटेल. पण बागेत गोल फिरणाऱ्या फवाऱ्याचं पाणी जसं सरळ न जाता वळून पडतं, तसे सूर्यातून निघालेले कणही वळणावळणानं येतात. सूर्याच्या पश्चिम कडेच्या जरा मागं, म्हणजे आपल्या नजरेआड झालेला स्फोट नेमका आपल्या अंगावर येऊ शकतो.

तीस वर्षांपूर्वी दोन्ही संघांनी एकमेकांची यानं फोडून टाकली आणि मग तहात उरल्यासुरल्याची वाटणी केली. सूर्याची समोरची बाजू बारकाईनं मोजणारी यानं आणि जमिनीवरच्या सगळ्या सौर दुर्बिणी दक्षिणेकडे आल्या, पाठ मोजणारी यानं उत्तरेकडे गेली. चंद्रावर खाणी मात्र दोघांच्याही. तेव्हा माणसं जगवायची तर आपला अर्धा देऊन त्यांचा अर्धा घेणं भागच होतं.

इथवर ठीक होतं. पण ज्यांना शांतपणे दोन घास खाणंही सोसवत नाही, अशा लोकांच्या हातात हा व्यवहार होता. दुसऱ्याच वर्षी उत्तरेच्या गाठोड्यात एक डाग निघाला, जो सूर्यावर नव्हताच. मोठा, भीतिदायक आणि शंभर टक्के खोटा. त्यात डाव होता. खोट्या डागाला घाबरून दक्षिणेची कुठली कुठली यानं आडोशाला पळतात ते टिपायचं, म्हणजे लपवलेली लष्करी यानं आपोआप उघडी पडतात. आपल्या सुरक्षा सचिवालयाला हे कळलं तेव्हा त्यांनी काय करावं? निषेध? छे. त्यांनीही आपल्या गाठोड्यात तसाच एक घातला. केंद्रातल्या लोकांनी त्याला नाव दिलं खडा. पुढं रिवाजच पडला. प्रत्येक गाठोड्यात एक खडा. दोन घातले तर गाठोडंच कुचकामी होईल, म्हणून एकच. कागदावर दोघांनीही कधी कबूल केलं नाही.

आणि अशा रीतीनं हेमांगीला नोकरी मिळाली. सूर्याचा अभ्यास करायला आलेली ही बाई एकोणीस वर्षं खडे निवडत बसली. नऊशे सत्तर गाठोडी, नऊशे सत्तर खडे, एकही चूक नाही. लोक तिला कौतुकानं निवडणारीण म्हणत. तिलाही ते आवडायचं, हे तिनं पुढं स्वतःशी कबूल केलं, पण फार उशिरा.

त्या सोमवारी गाठोड्यात चौदा डाग होते. दहा तिनं स्वतः गेल्या दोन आठवड्यांत सूर्याच्या कडेपलीकडे जाताना पाहिलेले होते, त्यामुळे ते खरे. तीन नवे होते, पण किरकोळ. खडा घाबरवण्यासाठी असतो, किरकोळ डागाचा खडा घालून कुणाचं काही साधत नाही. उरला चौदावा. पश्चिम कडेच्या जरा मागं, दोन दिवसांत उगवून पृथ्वीच्या बारापट रुंद झालेला, आणि उलटा.

सुरक्षा सचिवालयाचे निरीक्षक दाभाडे दर सोमवारी बाराला यायचे. चौकोनी चेहऱ्याचा, वेळेचा पक्का माणूस. खगोलशास्त्रातलं त्यांना काही कळत नसे आणि ते तसं उघड सांगत, एवढं तरी त्यांच्याबद्दल चांगलं म्हणता येईल.

"उलटा म्हणजे काय, मॅडम?" त्यांनी खुर्ची ओढून घेतली.

"डाग जोडीनं असतात," हेमांगी म्हणाली. "लोहचुंबकाची दोन टोकं असतात ना, तसे. एक पुढं, एक मागं. सूर्याच्या वरच्या अर्ध्यात सध्या सगळ्या जोड्यांमध्ये पुढचा उत्तर आणि मागचा दक्षिण आहे. अकरा वर्षं हा क्रम टिकतो, मग बदलतो. हा एकटाच उलट लागलाय."

"मग तर झालंच. खोटा आहे."

"शंभरात तीन असे खरेही निघतात. आणि ते निघाले की भडकतात."

"शंभरात तीन." दाभाड्यांनी तिच्याकडे पाहिलं. "दुसरा कुठला खडा सापडतोय का तुम्हाला?"

"नाही."

"गाठोड्यात खडाच नाही, असं एकोणीस वर्षांत कधी झालंय?"

"नाही झालं."

"मग आता काय राहिलं? लिहा चौदा."

हेमांगीला ते पटेना. पलीकडे त्यांचं गाठोडं बांधणारा आणि आपल्यातला खडा निवडणारा तेमीर ओस्कान तिला माहीत होता. एकदाच भेटलेला, सतरा वर्षांपूर्वी एका परिषदेत, जेवणाच्या रांगेत. पण सतरा वर्षं त्याचे खडे निवडल्यावर माणूस कळतोच. तेमीरचे खडे देखणे असत. नियमात बसणारे, शेजारच्या डागांशी नातं सांगणारे. एकेक पकडायला तिला दोन दोन तास लागत. असला उलटा, बावळट खडा तो घालणार नाही.

करारानुसार ती त्याला एक शब्दही विचारू शकत नव्हती. फक्त एकच बटण होतं, 'पुन्हा पाठवा'. आकडे वाटेत बिघडले तर वापरायचं. तिनं ते दाबलं. एरवी तिकडून तासाभरानं उत्तर यायचं. या वेळी चार मिनिटांत सबंध गाठोडं पुन्हा आलं. तेच चौदा डाग, तसेच.

"बघा," दाभाडे म्हणाले. "कसली घाई झालीय त्यांना आपण घाबरावं म्हणून."

तिनं संगणकावर तक्ता उघडला. खडा क्रमांक, आणि पुढं चौकट. तिनं शून्य लिहिलं. तक्त्यानं ते घेतलं नाही: एक ते चौदापैकी क्रमांक निवडा. तिनं चौकट रिकामी ठेवली, तरी तेच. हा तक्ता पंधरा वर्षांपूर्वी तिनंच बनवून घेतला होता. कुणी आळस करून चौकट रिकामी सोडू नये म्हणून तिनंच शून्याची सोय काढून टाकली होती. तेव्हा त्याबद्दल तिचा सत्कारही झाला होता, शाल आणि नारळ.

"मला दोन दिवस द्या," ती म्हणाली.

"दोन दिवस तुम्ही कुणाकडे मागताय ते बघा जरा," दाभाडे आवाज न चढवता म्हणाले. "चंद्राच्या दक्षिण ध्रुवावरच्या विवरात आपली एकतीस माणसं बर्फापर्यंत भोक पाडतायत. समोरच्या कडेला त्यांची माणसं तेच करतायत. पहिला जो पोचेल त्याचं विवर. आपल्याला अजून तीन दिवस लागतील, त्यांना पाच. आता तुम्हीच सांगा, आपण काम थांबवून निवाऱ्यात जाऊन बसावं, हे कुणाला हवं असेल?"

त्या एकतिसांत जुई होती. हेमांगीची लेक, सत्तावीस वर्षांची, छिद्रण अभियंता. विवरापासून पक्का निवारा गाडीनं तीन तासांवर. लोंढा सुटला तर पोचायला बावीस-पंचवीस मिनिटं घेतो. म्हणजे तो सुटल्यावर निघून उपयोग नाही, आधीच आत असायला हवं. हे दाभाड्यांना ठाऊक होतं आणि जुई तिथं आहे हेही ठाऊक होतं. मुलगी तिथं असल्यामुळे बाई कच खातेय, असं ते वर लिहून पाठवतील, हे हेमांगीला न बोलता कळलं. आणि तिला राग आला. नऊशे सत्तर बरोबर काढलेल्या बाईला हे आता आईपणावरून तोलणार.

खरं तर इथंच घोटाळा झाला. रागाच्या भरात तिनं आपली शंका तपासायची सोडून आपलं नाव जपलं. तिनं चौकटीत चौदा लिहिलं.

तीनच्या सुमारास जुईचा फोन आला. चंद्रावरून बोललेलं इथं पोचायला सव्वा सेकंद लागतो, त्यामुळे दोघींच्या बोलण्यात नेहमी एक मोकळी जागा पडायची.

"आई, इथं सगळे विचारतायत. पलीकडची माणसं सामान टाकून निघून गेली. सगळीच्या सगळी. आम्ही दुर्बिणीतून पाहिलं. खडा सापडला ना?"

हेमांगीनं फोन हातानं झाकला आणि दाभाड्यांना सांगितलं. ते हसले नाहीत, पण चेहरा सैल झाला.

"नाटक. आपण काम सोडेपर्यंत ते असेच दूर राहतील, आणि आपण सोडलं की हळूच परततील. तुम्ही एवढ्यात ढळलात तर त्यांचं साधलंच की."

"आई?" जुई म्हणाली. "तू सांगशील तसं करू. मुकादम म्हणतोय, काटकरबाईंनी निवडलंय ना, मग बास."

मधली जागा या वेळी हेमांगीमुळे लांबली.

"सापडला," ती म्हणाली. "चौदावा आहे. काम करा तुम्ही."

बुधवारी दुपारी दोन वाजून दहा मिनिटांनी चौदावा डाग फुटला. आपल्या यानांना तो दिसला नाही, दिसणार नव्हताच. कडेच्या मागून नुसती एक झळाळी वर आली. चोविसाव्या मिनिटाला चंद्रावरचे सगळे मोजमापाचे काटे टोकाला जाऊन चिकटले. एकतीस जणांनी यंत्रांच्या आडोशाला जे जमेल ते केलं, छिद्रातून निघालेली माती गाड्यांवर ओढून घेतली. अकरा जण वाचले. वीस गेले, एकदम नव्हे, दहा-पंधरा दिवसांत, एकेक करून. लोंढ्याची ही रीतच आहे. पहिल्या दिवशी उलट्या होतात, मग दोन दिवस माणूस बरा दिसतो आणि घरच्यांना वाटतं, सुटला.

जुई बाराव्या दिवशी गेली. नवव्या दिवशी तिला बोलण्याइतकी ताकद होती.

"आई, तुला तो दिसला होता ना?"

"दिसला होता."

पलीकडे जुईनं कूस बदलल्याचा आवाज आला.

"मग असू दे," जुई म्हणाली. "पाणी हवंय मला." आणि तिथल्या कुणीतरी फोन ठेवला.

दोन महिन्यांनी नैरोबीत दोन्ही संघांची संयुक्त चौकशी बसली. उत्तरेनं म्हणायचं, आम्ही खरं दिलं, तुम्ही फेकलंत. दक्षिणेनं म्हणायचं, तीस वर्षं तुम्ही काय देत होता ते सांगा. वीस मेलेल्या माणसांची नावं पहिल्या दिवशी एकदा वाचली गेली आणि मग उरलेले आठ दिवस त्यांचा उल्लेख 'घटना' असा होत राहिला. हेमांगी मागच्या बाकावर बसून हे ऐकायची आणि तिच्या डोक्यात तिडीक जायची. एका दुपारी ती उठून बाहेर आली, तर व्हरांड्यात तेमीर ओस्कान उभा होता. केस पांढरे झालेले, अंगात ढगळ कोट. दोघांची मातृभाषा वेगळी, त्यामुळे मोडक्या इंग्रजीत बोलणं झालं.

"तुमची मुलगी होती, हे मला नंतर कळलं," तो म्हणाला.

"खडा कुठला होता?" हेमांगीनं विचारलं. दोन महिने हा एकच प्रश्न तिला खात होता. "चौदावा खरा होता. दहा मी ओळखत होते. मग त्या तिघांतला कुठला?"

"कुठलाच नाही."

"कुठलाच नाही म्हणजे?"

"शनिवारी तो डाग वाढताना पाहिला आणि मी घाबरलो," तेमीर म्हणाला. "इतका वाईट डाग मी आयुष्यात पाहिला नव्हता. म्हटलं, या वेळी खोटं नको. वरच्यांशी दोन दिवस भांडलो. माझी नोकरी जायची वेळ आली. शेवटी ते हो म्हणाले. तीस वर्षांतलं पहिलं स्वच्छ गाठोडं होतं ते. मला वाटलं, दुसऱ्या कुणाला नाही तरी तुम्हाला कळेल."

"कसं कळणार?" हेमांगीचा आवाज चढला आणि व्हरांड्यातल्या पहारेकऱ्यानं मान वळवली. "मी कधी स्वच्छ गाठोडं पाहिलंय? सतरा वर्षं दर सोमवारी माझ्याशी खोटं बोललात. त्या खोट्यावर मी तुम्हाला ओळखायला शिकले. आणि ज्या दिवशी माझी पोरगी बाहेर उभी होती, त्या दिवशी तुम्हाला खरं बोलायची हुक्की आली. मी चौदातून एक फेकणारच होते. मला दुसरं काही करता येत नाही. तुम्ही तिथं एखादा घाणेरडा, ढळढळीत खोटा डाग घातला असतात, तर मी तो फेकला असता आणि चौदाव्याला घाबरून सगळ्यांना आत बोलावलं असतं."

या सगळ्या प्रकरणात खरं वागलेला तेमीर हा एकच माणूस होता आणि हेमांगीला त्याच्या थोबाडीत मारावीशी वाटत होती. तिनं हात मागं बांधून घेतले आणि आत गेली.

नवव्या दिवशी चौकशीचा निकाल लागला. निष्कर्ष असा की दोष कुणा व्यक्तीचा नाही. उत्तर संघानं प्रचलित पद्धत पूर्वसूचनेशिवाय मोडल्यामुळे घटना घडली. आणि ती पुन्हा घडू नये म्हणून करारात नवं कलम घालण्यात यावं: प्रत्येक गाठोड्यात एक, आणि एकच, कल्पित डाग असणं उभय पक्षांवर बंधनकारक राहील. तो तयार करण्याचं काम यापुढे दक्षिणेतही सुरक्षा खात्यानं न करता अनुभवी खगोलशास्त्रज्ञानं करावं. तीस वर्षं दोघांनी नाकारलेली गोष्ट अखेर कागदावर आली. सभागृहात टाळ्या झाल्या. दोन्हीकडच्या मंत्र्यांनी हात मिळवले, फोटो निघाले.

दाभाड्यांनी मसुदा हेमांगीपुढे आणून ठेवला. तज्ज्ञ म्हणून तिची सही हवी होती.

"मला माहीत आहे, तुम्हाला जड जाईल," ते म्हणाले. त्यांचा आवाज खरोखर मऊ झाला होता. "पण शास्त्रीयदृष्ट्या यात काही चूक असेल तर सांगा. आपण बदलून घेऊ."

तिनं मसुदा तीनदा वाचला. तिला तो फाडायचा होता. त्यात चूक सापडावी म्हणून ती एकेक ओळ नखानं टोकरत होती. खोटं बंद करा, हे कुठंच लिहिलेलं नव्हतं, पण ते लिहून काय झालं असतं? दोघांपैकी कुणी उद्या खरं म्हणून पाठवलेलं गाठोडं उघडताना ती काय करणार होती? खडाच शोधणार होती. तेमीरही तेच करणार होता. तीस वर्षं खोट्याची सवय लागलेल्या माणसांना नुसतं खरं वाचता येत नाही, हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक असणार? कलमात चूक नव्हती. हे कलम आधी असतं तर जुई जिवंत असती. हेमांगीला त्याचाच सगळ्यात जास्त संताप आला, आणि तिनं सही केली.

पुढच्या सोमवारी म्हसवडला ती सकाळी सातलाच येऊन बसली. या आठवड्याचा खडा आता तिला घालायचा होता. उत्तरेची चाळीस माणसं त्या दिवशी चंद्रावर उघड्यावर होती, कुणाची ना कुणाची मुलं. हेमांगीनं सूर्याच्या चित्रावर एक डाग काढला, पुसला, पुन्हा काढला. फार हुबेहूब झाला तर तेमीर तो खरा मानेल आणि खडा म्हणून भलताच कुठलातरी फेकेल. फार बटबटीत झाला तर त्यात काही कावा आहे असं त्यांच्याकडच्या दाभाड्यांना वाटेल, आणि मग तेही भलताच फेकतील. चार तास ती त्या एका डागावर बसली. उभ्या आयुष्यात सूर्याचं कुठलंच काम तिनं इतकं जीव लावून केलं नव्हतं, कारण आता खोटं नीट जमलं नाही तर माणसं मरणार होती.